एक्स आंटी कुठल्या मजल्यावर राहते?

एखाद्या गोष्टीत सात मिळवले आणि उत्तर तीन आलं, तर ती गोष्ट मुळात होती किती?

हा प्रश्न माझ्या मुलीने मला विचारला तेव्हा माझ्या एका हातात वेदांत होता, दुसऱ्या हातात वेदांतची ओली चड्डी होती, आणि गॅसवरचं दूध अशा बेताला आलं होतं की त्याच्याकडे पाठ फिरवण्याचीच ते वाट बघत होतं.

"असं होतच नाही," मी म्हटलं. "सात मिळवल्यावर वस्तू वाढते. कमी कशी होईल?"

"पुस्तकात झालीये," सावनी म्हणाली.

दूध गेलं. मी ओट्यापाशी वेदांतला खाली ठेवून पुस्तक हातात घेतलं. x + 7 = 3, असं खरोखरच छापलं होतं, आणि वर मथळा होता 'सोपी समीकरणे'. माझं प्रामाणिक मत असं आहे की 'सोपी' हा शब्द पुस्तक लिहिणाऱ्यांनी वापरू नये. काय सोपं आणि काय अवघड ते ज्याच्या पायावर दूध सांडलंय त्याला ठरवू द्यावं.

आता यात एवढं घाबरण्यासारखं काय होतं, ते सांगते. सावनीच्या शाळेत असा रिवाज आहे की पहिल्या सत्राच्या गणिताच्या पेपरावरून सातवीच्या तुकड्या नव्याने पाडतात. ए पासून डी पर्यंत. डी म्हणजे अशी मुलं की ज्यांच्याबद्दल शाळेने आशा सोडलेली नाही, फक्त तिच्याबद्दल बोलणं सोडलंय. मला डीचं काही वाटत नव्हतं. (हे खोटं आहे. वाटत होतं. पण ते बाजूला राहू दे.) सावनीला वाटत होतं ते भार्गवीचं.

सांगलीहून बदली होऊन आम्ही इथे जयपूरला आलो, तेव्हापासून सावनी शाळेत डबा एकटी खायची. घरी येऊन मला सांगायची, "आज मी खिडकीजवळ बसून खाल्ला," जणू खिडकी ही तिच्या वर्गातली एक मुलगी होती. मी "वा, छान" म्हणायची आणि स्वयंपाकघरात जाऊन उगाच भांडी आवाज करत घासायची. मग या वर्षी पुण्याहून भार्गवी आली. वर्गात मराठी बोलणाऱ्या दोघीच. पहिल्याच आठवड्यात सावनी घरी आली ती उड्या मारत. "आई, आम्ही मराठीत बोललो तर कोणालाच कळत नाही! मतलब, मॅमलासुद्धा! ही आमची सीक्रेट लँग्वेज आहे!" ज्या भाषेसाठी मी इतकी वर्षं तिच्या मागे लागले, शुद्धलेखनाच्या वह्या मागवल्या, ती भाषा तिला कुजबुजण्यासाठी म्हणून एकदम आवडायला लागली.

तर भार्गवीची बी तुकडी पक्की होती. सावनीची नव्हती. आणि मध्ये हा उणे राशींचा धडा उभा होता.

मी दप्तर उघडून बसले. मला एक नियम पाठ होता, तो मी तिला दिला: "बाजू बदलली की चिन्ह बदलतं. सात इकडे अधिक आहे ना? तिकडे गेला की उणे. संपलं."

"का बदलतं?"

"कारण तो तिकडे गेला."

"मग आपण जयपूरला आलो तेव्हा आपलं काय बदललं?"

बारा वर्षांच्या मुलीला उत्तर देण्याआधी आईने पाणी प्यावं. मी प्यायले. तेवढ्यात तिने सांगितलं की राठौड मॅमना हा नियम चालतच नाही. इकडून तिकडे काही जात नाही, दोन्ही बाजूंमधून सारखंच काढायचं, तराजूसारखं. आणि 'तीनातून सात गेले किती' ते मुलांनी मनात समजून घ्यायचं. आमची गाडी नेमकी तिथेच अडली होती. तीनातून सात जातच नव्हते.

मी अभिजितला फोन लावला. तो विमा कंपनीत आहे आणि माझ्या आयुष्यातल्या सर्व आणीबाणीच्या प्रसंगी तो जयपूरबाहेर, चौमूंच्या शाखेत असतो.

"तीनातून सात कसे काढायचे ते तिला कळेल असं सांग."

"उणे चार."

"उत्तर नाही विचारलं. कसं सांगायचं ते विचारलं."

"अगं, बाजू बदलली की चिन्ह..."

मी फोन ठेवला. एकाच घरात असं अज्ञान दोघांनी वाटून घेतलं की त्याला संसार म्हणतात.

समोरच्या फ्लॅटमधल्या शेखावत भाभींना आमच्या घरातलं सगळं कळतं, कारण त्या दार उघडं ठेवून मटार सोलतात. त्या म्हणाल्या, "बेटा, माइनस मतलब ठंड. हमारे फतेहपुर में जाड़े में माइनस चला जाता है, नल में पानी जम जाता है. बच्ची को फ्रिज दिखाओ." मी बच्चीला फ्रिज दाखवला. फ्रीझरमध्ये थर्मामीटर ठेवला. तो वेदांतचा तापाचा थर्मामीटर होता. त्याला पस्तीसच्या खालचं जगच ठाऊक नव्हतं. त्याने एकदा करुण आवाज काढला आणि कायमचा मिटला. सावनी म्हणाली, "मतलब माइनस म्हणजे मरतं?" आणि मी म्हटलं की नाही बाळा, आजच्यापुरतं पुरे.

अशा परिस्थितीत माणसाला कल्पना सुचू नयेत. मला सुचली. कचऱ्याची पिशवी घेऊन खाली जाताना लिफ्टमध्ये समोर बटणांची उभी रांग दिसली आणि माझ्या डोक्यात उजेड पडला. वर मजले. खाली तळघरातलं पार्किंग. मध्ये जमीन. ही तर भिंतीवर टांगलेली संख्यारेषा! मी पिशवी तशीच हातात घेऊन परत वर गेले आणि सावनीला ओढून आणलं.

"हे बघ. एक्स म्हणजे एक बाई. ती कुठल्या तरी मजल्यावरून लिफ्टमध्ये शिरली. तीन मजले वर गेली आणि पोचली पाचव्यावर. मग ती शिरली कुठून?"

"दुसऱ्यावरून!"

"x + 3 = 5. झालं की नाही?"

सावनीचा चेहरा असा उघडला की काय सांगू. गेले किती तरी दिवस तो चेहरा बंद दारासारखा दिसत होता. "आणि ती सात मजले वर आली आणि तिसऱ्यावर पोचली, तर... तर ती पार्किंगमध्ये होती! एक्स आंटी पार्किंगमध्ये होती!"

मी तिला जवळ घेतलं. कचऱ्याची पिशवी आमच्या मध्ये होती, तरी घेतलं.

आता आमची लिफ्ट कशी आहे ते ऐका. वर सात मजले. खाली पार्किंगची दोन तळघरं, बी-वन आणि बी-टू. आणि मध्ये, जयपुरातल्या बऱ्याच इमारतींना असतात तसे, दोन ग्राउंड: रस्त्याच्या बाजूने आत आलं की लागतो तो यूजी, म्हणजे अप्पर ग्राउंड, आणि त्याच्या खाली एलजी, लोअर ग्राउंड, जिथे एक शिवणकामवाली, एक ब्यूटी पार्लर आणि एक कायम बंद असलेलं कुरियरचं ऑफिस आहे. बिल्डरने एकाच जमिनीचे दोन तुकडे करून दोन्ही जमीन म्हणून विकले.

सावनीने बटणांवरून बोट खाली खाली नेलं. दोन, एक, यूजी, एलजी, बी-वन. थबकली.

"आई, झीरो कुठलं? यूजी की एलजी?"

नेमक्या त्याच क्षणी वर घरात एकटा ठेवलेला वेदांत, म्हणजे शेखावत भाभींच्या मांडीवर ठेवलेला वेदांत, रडायला लागल्याचं मला लिफ्टच्या फटीतून ऐकू आलं. आईला चार मजले ओलांडून ऐकू येतं.

"दोन्ही ग्राउंडच ना? दोन्ही झीरो धर," मी म्हटलं, आणि वरचं बटण दाबलं.

मला हे वाक्य पुढे आठवलंसुद्धा नाही. कोणाला आठवतं?

त्यानंतरचे दिवस म्हणजे आमच्या लिफ्टचं सुवर्णयुग होतं. शाळेतून आली की दप्तरासकट लिफ्टमध्ये. सावनी दार बंद होताना मोठ्याने म्हणायची, "एक्स आंटी दोन मजले वर गेली आणि बी-वनला पोचली! कुठे राहते?" आणि स्वतःच किंचाळायची, "बी-थ्री!" आमच्या इमारतीला बी-थ्री नाही, पण तिने खाली मनातल्या मनात पाहिजे तेवढी तळघरं खणली होती. भार्गवी रविवारी आली तर तिलाही हाच खेळ. भार्गवीचं घर म्हणजे एकमजली बंगला, लिफ्टचा संबंध नाही, म्हणून सावनीने तिला कागदाच्या उभ्या पट्टीवर आमची लिफ्ट काढून दिली. वर सात, खाली बी-दहापर्यंत. पट्टी कंपासपेटीत मावेल अशी घडी घालून.

लिफ्टमध्ये खंडेलवालजी होते हे मात्र आमच्या लक्षात आलं नाही. खंडेलवालजी आमच्या सोसायटीचे सेक्रेटरी. हा माणूस लिफ्टमध्ये कोपऱ्यात असा उभा राहतो की आपण त्याला सूचनाफलक समजावं. संध्याकाळी ते दारात उभे.

"गुलवानीजी," ते म्हणाले. आमचं आडनाव गुळवणी. इथे त्याचं गुलवानी होतं, आणि आम्हाला सिंधी समजून लोक चेटीचंडच्या शुभेच्छा देतात, आम्हीही घेतो. "ये एक्स आंटी कौन हैं?"

"जी?"

"बच्ची बता रही थी बी-थ्री में रहती हैं. किरायेदार हैं? पुलिस वेरिफिकेशन हुआ है?"

मी हसले. ते हसले नाहीत. मी सांगितलं की एक्स आंटी ही बाई नाही, राशी आहे. ती अज्ञात आहे.

"वही तो मैं कह रहा हूँ," खंडेलवालजी म्हणाले. "अज्ञात लोगों की ही तो प्रॉब्लम है."

मी समीकरण समजावून सांगितलं. त्यांच्या चेहऱ्यावर एक्स आंटीबद्दलची शंका कमी झाली आणि माझ्याबद्दलची वाढली. त्यांची खरी काळजी वेगळीच होती. बी-थ्री हा शब्द कोणाच्या कानावर गेला तर आपण परवानगीशिवाय आणखी एक तळघर खणलंय असा बोभाटा होईल, निगमवाले, म्हणजे महापालिकेचे लोक, येतील, आणि एलजीच्या बेकायदा दुकानांचं सगळं प्रकरण पुन्हा उकरलं जाईल. "आप पढ़ाइए, शौक से पढ़ाइए. लेकिन बिल्डिंग को ज़मीन के नीचे मत बढ़ाइए." दुसऱ्या दिवशी सोसायटीच्या ग्रुपवर सूचना आली: लिफ्टचा उपयोग केवळ ये-जा करण्यासाठी करावा, शैक्षणिक उपयोगास मनाई आहे. खाली अकरा जणांनी हात जोडले. वॉचमन आमच्याकडे बघून खाकरायला लागला. मी जिन्याने जायला लागले, कडेवर वेदांत घेऊन, मान ताठ ठेवून, चौथ्या मजल्यापर्यंत. अपमान झाला की माणूस व्यायाम करतो.

पण मी स्वतःला समजावलं की लिफ्टचं काम झालंय. ती आता सावनीच्या डोक्यात बसलीय. (ती बसली होती. तोच तर घात होता.)

घरी बसून सराव सुरू केला आणि एक विचित्र आजार दिसायला लागला. सावनी उदाहरणं भराभर सोडवायची. ओठ हलायचे, मान हळूहळू खाली जायची, जणू स्वतःच उतरतेय. आणि उत्तर यायचं, कधी अगदी बरोबर, कधी बरोबर एकाने चुकलेलं. x − 4 = 3? सात, बरोबर. x + 2 = −3? उणे पाच, शाब्बास. x + 7 = 3? उणे तीन. "चार गं! उणे चार! घाई करतेस!" पुन्हा करायची, पुन्हा उणे तीन. आणि x − 5 = −2 चं उत्तर तीनऐवजी दोन. एक दिवसाआड येणाऱ्या तापासारखं. कुठे चुकतंय ते ती सांगू शकत नव्हती, मी शोधू शकत नव्हते. ती फक्त म्हणायची, "मी नीट मोजलं, आई," आणि डोळे भरून यायचे, आणि मी म्हणायची, "लक्ष कुठे असतं तुझं?"

हे वाक्य मी तिला किती वेळा म्हटलं, ते आठवलं की आजही घास उतरत नाही.

लक्ष नाही म्हटल्यावर लक्षावर उपचार सुरू झाले. शेखावत भाभींनी भिजवलेले बदाम सांगितले, सोलून, उपाशीपोटी. सावनीने खाल्ले, वेदांतने सालं खाल्ली. पार्लरवालीने सांगितलं, टेबल उत्तरेकडे तोंड करून ठेवा. उत्तरेला आमच्या घरात फ्रिज आहे. फ्रिज हलवला, त्याच्यामागे वेदांतची हरवलेली सगळी मालमत्ता सापडली आणि माझी कंबर गेली. उत्तरेकडे तोंड करूनही उणे तीनच आलं. अभिजित चौमूंहून म्हणाला, "एकानेच चुकतेय ना? मग जवळजवळ बरोबरच की." विमा कंपनीत असा विचार करणारा माणूस अधिकारी कसा झाला, कोण जाणे.

शेवटी मी तिला मालवीय नगरातल्या एका कोचिंगच्या मोफत चाचणीला नेलं. वैशाली नगरातून मालवीय नगर म्हणजे दुपारच्या उन्हात सिटी बसने, मांडीवर वेदांत, खांद्यावर झोपलेली सावनी. तिथल्या तरुण समुपदेशकाने तिचा पेपर बघितलाच नाही. माझ्याकडे अत्यंत सहानुभूतीने पाहत म्हणाला, "मॅम, आप लेट हो गए. फाउंडेशन पाँचवीं से शुरू होता है." म्हणजे माझी मुलगी बाराव्या वर्षीच आयुष्याची गाडी चुकून फलाटावर उभी होती. परतताना सावनीने विचारलं, "आई, डीमधली मुलं डबा कुठे खातात?"

मी बसच्या खिडकीबाहेर बघितलं. "सगळे खातात तिथेच, बाळा."

"भार्गवी म्हणाली, ती सुट्टीत यायचा ट्राय करेल."

वेदांत माझं मंगळसूत्र चावत होता. ते त्याच्या तोंडातून काढण्यात मी जरा जास्तच वेळ लावला.

पेपर झाला. सावनी खूश होऊन आली. सगळं सोडवलं म्हणाली. पुढच्या आठवड्यात शाळेतून फोन आला. निकालाचा नव्हता. राठौड मॅडमनी ताबडतोब बोलावलं होतं. 'कॉपी का मामला है.'

मी वेदांतला शेखावत भाभींकडे टाकलं आणि पोचले. तिथे भार्गवीची आई स्वप्नाली आधीच बसली होती, गळ्यात ऑफिसचं ओळखपत्र, कानात फोनचा एक तुकडा तसाच राहिलेला. तिने मला मान हलवून नमस्कार केला. त्या मानेत 'तुमचीने की माझीने?' हा प्रश्न होता. दोघी मुली बाहेर बाकावर, एकमेकींचा हात घट्ट धरून. सावनीने माझ्याकडे बघितलं ते मला अजून दिसतं.

राठौड मॅडम म्हणजे कडक इस्त्रीची साडी आणि तसाच आवाज. त्यांनी दोन पेपर शेजारी शेजारी ठेवले. "ये देखिए. x + 7 = 3, इसका माइनस थ्री, उसका भी माइनस थ्री. x − 5 = −2, दोनों का टू. गलत सबके होते हैं. पर सारे गलत जवाब एक जैसे? और जो सही हैं वो भी एक जैसे?"

स्वप्नाली पेपरावर वाकली. "भार्गवी कॉपी करत नाही," ती मराठीत म्हणाली, मॅडमला नव्हे, मला.

"सावनीपण नाही," मी म्हटलं.

"और पेपर के बीच में दोनों अपनी मराठी में फुसफुसा रही थीं," मॅडम म्हणाल्या. "एक ही चीज़ समझ में आई मुझे. एलजी, एलजी. मैं पूछती हूँ ये एलजी क्या कोड है?"

आणि माझ्या खुर्चीखालची जमीन गेली. दोन्ही गेल्या, वरचीही आणि खालचीही.

दोन, एक, यूजी, एलजी, बी-वन. मला लिफ्ट दिसली, बोट दिसलं, थबकलेली माझी मुलगी दिसली, आणि माझाच आवाज ऐकू आला: दोन्ही झीरो धर. शून्याच्या वर राहिलात तर उत्तर बरोबर. खाली राहिलात तर बरोबर. शून्य ओलांडलंत की एका पायरीचा तोटा, कारण माझ्या मुलीच्या जगात शून्यं दोन होती, आणि तिने काढून दिलेल्या पट्टीमुळे भार्गवीच्याही. सावनीने एकदाही चूक मोजलं नव्हतं. तिचं लक्ष एकदाही ढळलं नव्हतं. बदाम, फ्रिज, मालवीय नगर, सगळं तिने निमूट सोसलं होतं.

आता समोर प्रश्न होता तोही एका पायरीचाच. गप्प राहिले तर मुलगी चोर ठरते. बोलले तर आई मूर्ख ठरते, आणि तीही स्वप्नालीसमोर, जी रोज शंभर माणसांच्या बैठका घेते.

मी बोलले. हिंदीत बोलले, त्यामुळे आणखीच मूर्ख वाटले. एक्स आंटीपासून सगळं सांगितलं. राठौड मॅडमनी ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "मिसेस गुलवानी, मुझे बाईस साल हो गए पढ़ाते हुए. बहाने मैंने बहुत सुने हैं. लिफ्ट पहली बार आई है."

मग त्यांनी जे केलं त्याबद्दल मी त्यांना जन्मभर मान देईन. त्यांनी दोन कोरे कागद घेतले, दोन्हींवर लिहिलं x + 9 = 4, आणि बाहेर जाऊन एक मुलगी वर्गाच्या या टोकाला बसवली, दुसरी त्या टोकाला, दोघींची तोंडं भिंतीकडे. आम्हाला दारातून बघायची परवानगी होती, बोलायची नव्हती.

बरोबर उत्तर उणे पाच. दोन ग्राउंडच्या लिफ्टने उणे चार. सावनीचे ओठ हलायला लागले. मान खाली खाली जायला लागली. मध्येच थांबून तिने पेन्सिलचं टोक गालाला लावलं. ही मुलगी हुशार आहे. ही आत्ता, नेमकी आत्ता, सगळं समजून बरोबर उत्तर लिहील आणि आमचं वाटोळं करील. माझ्या आजवरच्या आयुष्यात मी देवाकडे पुष्कळ काही मागितलं असेल, पण त्या दारात उभी राहून मी पहिल्यांदाच हात जोडून म्हटलं: देवा, माझ्या लेकीला चुकू दे.

शेजारी स्वप्नालीचेही डोळे मिटलेले होते.

कागद आले. उणे चार. उणे चार.

"अरे देवा, थँक यू," स्वप्नाली म्हणाली, आणि आम्ही दोघी एकमेकींच्या गळ्यात पडलो. मुलींचं गणित चुकलं म्हणून मिठी मारणाऱ्या आया राठौड मॅडमनी बावीस वर्षांत पाहिल्या नसाव्यात. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला.

"कॉपी नहीं है," त्या म्हणाल्या. "बच्चियों ने वही किया जो सिखाया गया. पूरी ईमानदारी से." यातला 'जो सिखाया गया' हा भाग त्यांनी माझ्याकडे बघून म्हटला. मी जमिनीकडे बघितलं. कुठल्या, ते विचारू नका.

पण गुण ते गुण. शाळेत चुकीचं उत्तर प्रामाणिक असलं तरी चुकीचंच असतं; पेपर बदलणार नव्हता, तुकड्यांची यादीही नाही. सावनी डीमध्ये. आणि भार्गवी, जिची बी पक्की होती, तीही डीमध्ये. मी एका मुलीला बुडवायला निघाले होते, दोन बुडवल्या.

मॅडमनी मुलींना आत बोलावून हे सांगितलं. शांतपणे, समजूत घालत, हिंमत हारू नका वगैरे. मुलींनी आधी मॅडमकडे बघितलं, मग एकमेकींकडे.

"दोघी?" सावनीने विचारलं. "मतलब... दोघी एकाच डीमध्ये?"

"डी एकच आहे गं, येडी!" भार्गवी म्हणाली, आणि दोघींनी जी उडी मारली तिने मॅडमच्या टेबलावरचा पृथ्वीचा गोल हलला. मॅडम माझ्याकडे वळून म्हणाल्या, "इनको समझ में आया ना, डी मतलब क्या?" मी म्हटलं, हो मॅडम, अगदी बरोबर समजलंय.

स्वप्नाली माझ्याबरोबर पार्किंगपर्यंत आली. गाडीचं दार उघडून ती थांबली. "वल्लरी," ती म्हणाली, "तुमच्या लिफ्टला दोन ग्राउंड आहेत, ते ठीक आहे. पण आमच्या घराला तर लिफ्टसुद्धा नाही गं." आणि निघून गेली. रागाने की हसू दाबत, ते मला आजही ठरवता आलेलं नाही. तिने अजून फोन केलेला नाही. मीही नाही. पण रविवारी भार्गवी आली होती, डब्यात तिच्या आईने केलेल्या नारळाच्या वड्या घेऊन. मोजून नव्हत्या दिल्या, यावर मी आशा टिकवून आहे.

हे सगळं मी वेदांत झोपलाय तोवर लिहून काढतेय. आता तो कूस बदलतोय, म्हणजे थोडंच उरलं. त्या दिवशी घरी आल्यावर मी सावनीला म्हटलं, "माझं चुकलं, बाळा. तुझं लक्ष नीटच होतं. शून्य एकच असतं."

ती विचारात पडली. "मग एलजी काय?"

"उणे एक. बी-वन उणे दोन."

तिने पट्टी काढली, एलजीवरून बोट फिरवलं, आणि मनात तिसऱ्या मजल्यावरून सात मजले उतरली. ओठ हलले. "उणे चार," ती म्हणाली. मग हळूच, "आई, पण लिफ्टमध्ये चुकीचंच लिहिलंय ना? दुसऱ्या कोणाचं चुकेल."

दुपारी इमारत झोपलेली असते. सावनी दारात पहारा द्यायला उभी राहिली, वेदांत माझ्या कडेवर होता, आणि मी बऱ्याच दिवसांनी लिफ्टमध्ये शिरून जाड मार्करने एलजीच्या बटणाशेजारी ठळक −1 लिहिलं. बी-वनशेजारी −2. बी-टूशेजारी −3. वेदांतने मार्करचं टोपण गिळायचा प्रयत्न केला तेवढंच, बाकी सगळं सुरळीत झालं.

संध्याकाळी ग्रुपवर खंडेलवालजींचा संदेश आला. लिफ्टमध्ये अज्ञात व्यक्तीने आकडे लिहून सोसायटीच्या मालमत्तेचं विद्रूपीकरण केलं आहे. पाहुणे गोंधळून चुकीच्या तळघरात उतरत आहेत. ज्याने हे केलं त्याने स्वतःहून पुढे यावं. मी फोन उलटा करून ठेवला. मला वाटलं, आता संपलं, आता आपल्याला जयपूरही सोडावं लागणार.

मग टुणकन आवाज झाला. शेखावत भाभींनी उत्तर दिलं होतं, एकाच ओळीत.

"एक्स आंटी ने लिखा है. बी-थ्री में पूछ लीजिए."